पयल्या हाकेले न येनारी

कमली पयल्या हाकेले कधीच येत नसे. सासू चुलीपासून वरडे, "कमले!" अन् ते आपली कोठ्यात शेन काढतच राहे. सासू दुसऱ्यांदा वरडे. मंग हात झटकत दाराशी येऊन सरळ उभी राहे अन् मने, "हजर."

सासूले वाटे, पोरगी कानानं कमी हाय. शेजारनीले सांगे, "मोर्शीवाल्या व्याह्याइनं फसवलं आमाले. संत्र्याच्या टोपल्यावानी केलं, वर चांगलं, खाली सडकं." कमली तेही आयके अन् पदरात हसे. तिचे कान माह्यापेक्षा चांगले होते. पयल्या हाकेले तिले समजतच नसे का आपल्याले बलावून राहिले. हे तिनं मले मागून सांगतलं.

मी तिची थोरली जाऊ. माही शाळा दुसरीपर्यंत, तेही अर्धी, शिकलेलं समदं इसरली. हे मी सांगून राहिली अन् नात लिवून राहिली. आमचं गाव पातूरपासून चार मैल. घरची काळी जमीन, दोन बैलजोड्या, खाले-प्याले कमी नव्हतं. कमी होतं ते बायाइले बसाले. पहाटे जात्यावर, मंग नदीवरून पानी, मंग वावर, मंग चूल. मी हे रडून नाही सांगत. तवा समद्याच बायाइचं असंच होतं.

कमली आली तवा सतरा-अठरा वर्साची असन. सातवी पास. आमच्या गावात सातवी पास पुरुष मोजून तीन, बाई एकही नाही. लगन लागल्यावर पितळीत तांदूळ पसरले, अन् माह्या दिराच्या हाताले धरून भटजीनं अंगठीनं तिचं नवं नाव लिवलं, कमला. सासूनं दुसऱ्या दिवशी त्याच तांदळाचा भात टाकला. सासू मोठी टुकीची, एक दाना फेकाची नाही. कमली घास घेता घेता माह्या कानाशी मनली, "बाई, काल देल्लं नाव आज शिजवून चारलं जी." मी घाबरून इकडे तिकडे पायलं. आमच्या घरी नवी सून आठ दिवस तोंड उघडत नसे.

तिले कागदाचा नाद. वान्याकडून मिठाची, हळदीची पुडी आली का पुडी सोडे, कागद मांडीखाली दाबून सपाट करे, अन् भाकर थापता थापता वाचे. अर्धी बातमी राहे, अर्धी फाटेल. पुढचं काय झालं असन ते आपल्या मनानं मले सांगे. सासू मने, "कागद वाचून पोट भरते का वं?" ते मने, "नाही आत्याबाई, भाकर गोल होते." अन् भाकर खरंच गोल होये.

एकदा सासऱ्याले कोर्टाचा कागद आला. वावराच्या बांधाचा वाद होता. गावातल्या एका शहान्यानं वाचून सांगतलं, तारीख पुढच्या महिन्यात हाय, आरामात जा. सासरा ओट्यावर बसून तोच कागद उलटापालटा करे. दाराच्या आडून कमली मनली, "मामाजी, इकडे देता का?" सासऱ्यानं कावून देला कोन जाने, पन देला. ते दारात उभी राहिली, टाचा जुळवून, जशी मास्तरासमोर, अन् वरपासून खाले शिक्क्यापर्यंत खडखडा वाचून गेली. मनली, "पुढचा महिना नाही जी. येता बुधवार हाय."

सासरा बुधवारी अकोल्याले गेला. बांध राहिला. वापस आला तवा कोनाले काही मनला नाही. सांजीले पायलं तं कोनाड्यात नवी कोरी पेन्सिल. सासरा पान लावत मने, "हे कोनाची पडली, पाहा बरं." घरात एकच बाई होती जिची ते असू शके. कमलीनं पेन्सिल उचलून पदराच्या गाठीत बांधली. तवापासून कोनता कागद आला का सासरा खाकरे, अन् ते दुसऱ्या हाकेची वाट न पाहता येई.

माहं अन् तिचं खरं जमलं ते वावरात. कापूस येचाले आमी दोघीच एका पाथीले राहो. एक दिवस ते मने, "बाई, तुमचं माहेरचं नाव काय जी?"

मी थांबली. हातातला कापूस तसाच राहिला. नऊ वर्सं झाल्ते माह्या लग्नाले. सासरी मंजुळा. माय-बाप मरून गेल्ते, भाऊ "बाई" मने. मले आठवा लागलं. मी मनली, "द्वारका."

"मी गोदावरी," ते मनली. मंग हसली. "नदी कशी वाहून जाते, तुमी मातर हाये तथीच राहसान, द्वारकेच्या गावावानी."

"अन् तुह्या तोंडाले बांध घालाले पायजे," मी मनली.

मंग आमचं ठरलं. वावराच्या अर्ध्यात लिंबाचं झाड होतं. लिंबाच्या अल्याड मी बाई, ते कमली. लिंबाच्या पल्याड मी द्वारकी, ते गोदी, अन् जी-बी काही नाही, सरळ तू. मले नऊ वर्सानं कोनी बरोबरीच्या बाईनं तू मनलं. पल्याडच्या पाथी आमी हळू येचो. पऱ्हाटीच्या काडीनं तिनं मले मातीत माहं नाव लिवाले शिकवलं. "द्व" काही केल्या येत नसे. ते मने, "द्वारके, तू आपल्याच नावाच्या दारात अडकून राहिली वं."

दोन पावसाळे असे गेले. तिसऱ्याले माहा दीर तापानं पडला. तीन दिवस घरी काढा पाजला, चौथ्या दिवशी बंडी जुंपून अकोल्याच्या दवाखान्यात नेऊन राहिलो तं वाटेतच गेला. बंडी तथूनच फिरवली. गोदी त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती. रडली नाही. घरी आल्यावर बायाइनं बांगड्या फोडल्या तवा फक्त एवढं मनली, "हळू, हात कापून राहिला." लेकरू नव्हतं तिले.

त्यानंतर ते वावरात जाये, पानी आने, दळे, माह्या दोन पोराइले आंघोळी घाले. त्याच दिवाळीपासून सासूचे पाय गेले, तिचं समदं खाटेवर. तेही गोदीच करे. खरं सांगतो, घर तिच्या पाठीवर चाले, अन् मले ते चांगलं लागे.

वर्स झाल्यावर सासऱ्यानं तिच्या पाटाचं काढलं. आमच्यात रांडमुंड बाईले दुसऱ्या घरी देतात, त्यात वाईट काही नाही. बाळापूरचा मानूस, बायको मेलेला, तीन लेकरं, वय चाळिसाच्या पार. सासऱ्यानं तिच्या भल्याचंच पायलं होतं. गोदी दारात येऊन उभी राहिली, कागद वाचाले राहे तशी.

"मामाजी, मोर्शीच्या माह्या मास्तराइनं माहा अर्ज भरून धाडला हाय. मास्तरीनबाईच्या ट्रेनिंगचा. अमरावतीले. होळीपर्यंत चिठ्ठी आली तं मले जाऊ द्या. नाही आली तं तुमी मनसान तथी जाईन. एक शबद बोलनार नाही."

सासऱ्यानं पान लावून तोंडात टाकलं. मंग मनला, "होळीपर्यंत."

लिंबाच्या पल्याड तिनं मले अजून एक गोष्ट सांगतली. मने, "चिठ्ठी गोदावरीच्या नावानं येईन वं. शाळेच्या दाखल्यावर तेच नाव हाय. जुन्या डाकवाल्याले मी सांगून ठेवलं. पन मी वावरात असली अन् तू घरी, तं तू घेजो. घरात तुलेच ठाव हाय." खरं होतं. सासरा-सासू तिचं माहेरचं नाव कवाच इसरले होते. सुनेचं माहेरचं नाव कोन ध्यानात ठेवते.

मले तवा पाचवा महिना होता. शालू पोटात. मनून मी घरी, ते वावरात.

एक दिवस दुपारी सायकलची घंटी वाजली. जुना डाकवाला बदलून गेल्ता, हा नवा पोरगा होता. लांबोडका खाकी लिफाफा, वर सरकारी शिक्का. मले वाचता येत नव्हतं फारसं, पन "गो" मले येत होता. मातीत पायला होता मी.

तो मनला, "गोदावरी महादेव ढोले. कोन हाय?"

माहे हात पिठाचे होते. मी मनली, "या नावाचं आमच्या घरी कोनी नाही."

"पत्ता तं हाच हाय, बाई. मालकाचं नाव बरोबर हाय."

"घरात दोन सुना. मी मंजुळा, दुसरी कमला. गोदावरी कोनी नाही."

"पक्कं?"

"नाही तं नाही."

आतून सासू वरडली, "कोन हाय वं?"

"कोनी नाही, आत्याबाई. चुकून आल्ता."

त्यानं दाराच्या चौकटीले टेकवून लिफाफ्यावर पेन्सिलीनं काहीतरी लिवलं अन् गेला. सायकल नाल्यापर्यंत दिसत होती. मी वरडली असती तं तो थांबला असता. तेवढा टाइम होता मले. मी हात धुतले अन् भाकरी टाकल्या.

माह्या मनात काय होतं ते आज सांगतो, आता कोनाचं भ्यावं. पयलं तं पानी. नदीवरून चार खेपा लागे, दोन ते आने, दोन मी. ते गेली का चारी माह्या, पोटुशीनं. सासूची खाट माही. जातं माहं. हे मी लय वर्सं सोताले सांगत राहिली का पान्यापायी केलं. पन पान्यासाठी मानूस एवढं नाही करत. दुसरंही होतं. ते जाईन अन् मी राहीन. ते अमरावतीले गोदावरी होईन अन् मले द्वारकी मनाले लिंबाच्या पल्याड कोनी राहनार नाही. हे मले सहन होत नव्हतं. मंग मी काय केलं, तिलेही गोदावरी नाही होऊ देलं.

सांजीले वावरातून आली. रोज इचारे तसंच इचारलं, "आज डाकवाला आल्ता का वं?"

मी मनली, "नाही."

पंधरा दिवसानं ते सासऱ्यासोबत पातूरच्या बाजारात गेली. आली तं पिशवी ठेवून सरळ जात्यावर बसली. दुसऱ्या दिवशी आमी पऱ्हाट्या उपटाले गेलो. लिंबाच्या पल्याड गेल्यावर ते मनली, "बाई, इकडची पाथ मी घेतो जी." मी तिच्याकडे पायलं. ते वाकून पऱ्हाटी उपटत होती. मी मनाले समजावलं, चिठ्ठी नाही आली मनून उदास असन.

होळी झाली. ते एक शबद बोलली नाही, जसं कबूल केल्तं. पाट लागला, अन् दुसऱ्या दिवशी सकाळी बाळापूरची बंडी दारात आली. सासऱ्याच्या पाया पडली. सासूच्या खाटेची गोधडी सारखी केली. मले मनली, "येतो, बाई. नदीवर एकटी नको जात जाऊ, दगडं निसरडे झाले हायेत." अन् बंडीत बसली. पेन्सिल कोनाड्यात ठेवून गेली.

बाळापूर आमच्यापासून एका दिवसाची वाट. मी सोळा वर्सात एकदाही गेली नाही. बाजारातून कळे. मानूस बरा हाय, मारत-बिरत नाही. लेकरं तिले माय मनतात. सावत्र पोरीले शाळेत घातलं, लोकाइनं नावं ठेवली. मंग तो मानूस वारला. मंग मोठ्या पोराची बायको आली. त्यानंतर कळलं का गोदीनं ट्रंक उचलली अन् गेली कुठीतरी.

शालू मॅट्रिक झाली. तिच्या बापाच्या मनात लगन होतं. मी आयुष्यात एकदाच त्याच्यासमोर आडवी झाली. मनली, "हे पोरगी शिकन." कावून, तो मने. मी कारन सांगतलं नाही. अर्ज भरला. एक दिवस डाकवाला आला, तोच पोरगा, आता झुपकेदार मिशांचा झाला होता. लिफाफ्यावरचं नाव वाचून मले इचारलं, "शालिनी हाय का घरी?" मी हात पदराले पुसले अन् दोन्ही हातानं चिठ्ठी घेतली. तो माह्याकडे पाहून राहिला. त्याले आठवत होतं का नाही, मी नाही इचारलं. मास्तरीनबाईचंच ट्रेनिंग. अमरावतीचंच.

शालूले घेऊन मी यष्टीनं अमरावतीले गेली. पोरीइच्या वसतिगृहाच्या मागच्या ओट्यावर एक बाई गहू निवडत बसली होती. पांढरं लुगडं, चष्म्याची एक दांडी दोऱ्यानं बांधेल. सुपाखाली कागद सपाट करून ठेवला होता. मी आधी कागद वळखला, मंग तिले.

ते मनली, "बसा, बाई. यष्टीले गर्दी होती का?"

जशी मी मांगच्या आठवड्यात भेटून गेली. ते तथी सैपाक करे अन् पोरीइवर नजर ठेवे. वसतिगृहाच्या मोठ्या मास्तरीनबाईले सांजीचं दिसत नसे, मनून हजेरीही हेच घे. मी बसली. शालू ट्रंका मोजत उभी होती. मी गव्हातला एक खडा उचलला, हातात फिरवत राहिली.

"गोदे," मी मनली. "ते चिठ्ठी..."

"ठाव हाय." तिनं सूप हलवलं. "पातूरच्या बाजारात त्या पोराले मीच गाठलं होतं. मनला, घरच्या मोठ्या बाईनं सांगतलं का असं कोनी नाही. मी मास्तराइले कार्ड टाकलं. जागा भरून गेल्ती."

"मंग मामाजीले कावून नाही सांगतलं?"

"सांगतलं असतं तं तुले त्याच दिवशी बंडीत घालून माहेरी धाडलं असतं त्याइनं. माहेरी माय-बाप कुठी होते तुले? पोटात हे होती." तिनं शालूकडे हनुवटी केली.

मी खडा या हातातून त्या हातात घेतला.

"मले वाटे, तू सांगशीन," ते मनली. "होळीपर्यंत वाट पायली. मंग बंडीत बसेपर्यंत. मंग बाळापूरले दोन-चार वर्सं कोनी पाहुनी आली का वाटे, तूच असशीन. मंग लेकराइच्या नादात राहून गेलं." तिनं खडा माह्या हातातून घेतला अन् अंगनात फेकला. "आता काय घेऊन बसली. पोरगी चांगली हाय. उंच हाय."

मी सोळा वर्सं ठरवून ठेवलं होतं का भेटली तं पाय धरीन. धरले नाही. पाय तिनं लुगड्यात ओढून घेतल्ते.

उनं कलल्यावर तिनं घंटी वाजवली. पोरी रांगेत उभ्या राहिल्या. गोदीनं चष्मा सारखा केला, रजिष्टर उघडलं, टाचा जुळवल्या. एकेका पोरीचं समदं नाव घे, तिचं, बापाचं, आडनाव. अर्धं नाव घेतलेलं तिले चालत नसे. पोरगी मने, "हजर," तवा पुढं जाये. शालूचं नाव आलं. शालू पयल्याच हाकेले मनली, "हजर."

मी फाटकाशी आपली पिशवी घेऊन उभी होती, यष्टीची वेळ झाल्ती. शालू रांगेतून पळत मले भेटाले आली. तवा गोदीनं रजिष्टर मिटलं, माह्याकडे पायलं, अन् त्याच आवाजात मनली, "द्वारका किसन राऊत."

मी पिशवीचे बंद सारखे करत राहिली.

शालू इकडे तिकडे पाहून राहिली. मले इचारते, "मा, हे द्वारका कोन हाय वं?"

अन् मी मनली, "या नावाचं आपल्या घरी कोनी नाही."

बोलून गेल्यावर मले समजलं. ते गोदीनंही आयकलं होतं. ते थोडा वेळ तशीच उभी राहिली, दुसरी हाक मारते का काय असं मले वाटलं. तिनं मारली नाही. शालूची वळकटी उचलून कमरेवर घेतली, अन् पोरीइच्या मांगं आत निघून गेली.